लष्कराच्या हिशेबातले खाँसाहेब

दर सेमिस्टरला पिंपरी-चिंचवडमधल्या ताथवड्यात कुणीतरी नोकरी सोडायला सांगायला येतं. येणाऱ्याच्या अंगात कोट असतो, गालाला चिकटलेली माइकची काडी असते आणि समोर बसलेल्या चारशे मुलांना नोकरी अजून लागायचीच असते. डांगे चौकातून भूमकर चौकापर्यंत पोचायच्या आत इथे इतकी कॉलेजं लागतात की या वक्त्यांचा धंदा बारमाही झाला आहे. पिंजऱ्यातून बाहेर पडा, पॅशनच्या मागे धावा, असं ते सांगतात. धावायचं कुठल्या रस्त्याने ते सांगत नाहीत. संध्याकाळी सहाला भूमकर चौकात धावणं राहू द्या, गाडी पहिल्या गिअरमधून दुसऱ्यात जात नाही.

२०२२ साली ‘मी वसंतराव’ हा सिनेमा आला आणि या मंडळींना एक मराठी स्लाइड मिळाली. तोवर स्टीव्ह जॉब्ज आणि ‘थ्री इडियट्स’ यांच्यावर भागवत होते. आता मधे गायक वसंतराव देशपांडे. स्लाइडवरचा मजकूर असा, की चोवीस वर्षं कारकुनी केली, मग एक दिवस लाथ मारली आणि महान झाले. मुलं टाळ्या वाजवतात. वक्त्याचं मानधन कॉलेजच्या अकाउंट्स विभागातला कारकून काढतो, टीडीएस कापून.

तर हा हिशेब एकदा तपासायला हवा. गृहस्थ स्वतः हिशेबखात्यात होते, तेव्हा त्यांच्या नावावर चुकीची नोंद राहणं बरं नाही.

वसंतरावांचा जन्म २ मे १९२० चा, अकोला जिल्ह्यातल्या मूर्तिजापूरचा. वाढवलं आईने, नागपुरात. तिथे शंकरराव सप्र्यांकडे गाणं शिकायला बसले. त्याच वर्गात रामचंद्र चितळकर नावाचा आणखी एक मुलगा होता. तो पुढे सी. रामचंद्र झाला आणि साऱ्या हिंदुस्थानाला नाचवून गेला. नागपूरच्या एका मास्तरांच्या हाताखालून अशी दोन टोकं निघाली, त्या मास्तरांवर सिनेमा काढायचं मात्र अजून कुणाला सुचलेलं नाही. १९३५ मध्ये भालजी पेंढारकरांनी ‘कालियामर्दन’ काढला आणि या पोराला कृष्ण केलं. म्हणजे पंधराव्या वर्षी हा मुलगा पडद्यावर. आजचे पालक असते तर त्याच दिवशी त्याचं इन्स्टाग्राम खातं उघडून, बायोमध्ये ‘चाइल्ड आर्टिस्ट, मॅनेज्ड बाय मॉम’ लिहून मोकळे झाले असते.

कृष्णाचं पुढे काय झालं? गाणं शिकत हिंडला. लाहोरला गेला, तिथे असद अली खाँ नावाच्या उस्तादांकडे मारवा शिकला. मारवा हा राग लोकांना सहसा पचत नाही. संध्याकाळी कातरवेळी गायचा, षड्ज टाळत टाळत, ऐकणाऱ्याला घरी पोचल्याचं समाधान मिळू द्यायचं नाही, असा त्याचा स्वभाव. या माणसाने नेमका तोच मनात धरला. पुढे किराण्याच्या सुरेशबाबू मान्यांकडून घेतलं, भेंडीबाजारच्या अमान अली खाँकडून घेतलं. आणि या सगळ्यांच्या वर, कुणी शिकवायला बसलेलं नसताना, मास्टर दीनानाथ मंगेशकरांच्या गाण्याचं वारं अंगात शिरलेलं होतं. ते शेवटपर्यंत उतरलं नाही.

एवढी सामग्री घेऊन वसंतराव चाळीसच्या दशकाच्या सुरुवातीला पुण्यात आले आणि लष्कराच्या हिशेबखात्यात कारकून झाले. दुसरं महायुद्ध चालू होतं, पुण्यात सदर्न कमांड होती. सैन्य म्हटलं की बूट आले, डाळ आली, खेचरं आली, आणि या सगळ्यांची बिलं आली. ती बिलं तपासायला माणसं लागत होती. मारवा येणारा माणूस बिलं तपासू शकतो. बिलं तपासणाऱ्या माणसाला मारवा येतो असं मात्र खात्याच्या नियमावलीत कुठे धरलेलं नव्हतं.

इथे कोटवाला वक्ता उसासा टाकतो. ‘विचार करा, मित्रांनो, चोवीस वर्षं!’

करू या विचार. वसंतरावांच्या डोळ्यांसमोर तेव्हा नोकरी न करणाऱ्या गायकनटांची उदाहरणं कोणती होती? पहिलं उदाहरण बालगंधर्वांचं. त्यांच्यापेक्षा मोठा गायकनट महाराष्ट्राने पाहिला नाही आणि त्यांच्यापेक्षा वाईट हिशेबनीसही नाही. १९१३ साली कंपनी काढली. रंगमंचावर खरे शालू, खरे दागिने, खरी अत्तरं. प्रेक्षकांना पुठ्ठ्याचे दागिने चालले असते, दहाव्या रांगेवरून सोनं आणि बेगड सारखंच चमकतं. पण नारायणरावांना, म्हणजे बालगंधर्वांना, चालत नव्हते. साथीला तबल्यावर थिरकवाँ, सारंगीवर कादरबक्ष. १९२१ मध्ये टिळक स्वराज्य फंडासाठी केशवराव भोसल्यांबरोबर ‘संयुक्त मानापमान’ केलं तेव्हा पुढच्या खुर्चीचं तिकीट शंभर रुपये होतं. त्या काळचे शंभर. आणि तरीही कंपनी कर्जात. कर्ज देणारे आले, गेले, काही त्यातच बुडाले, आणि नारायणराव सगळ्यांना ‘देवा’ म्हणत गात राहिले. अखेरच्या काळात पाय गेले, वैभव गेलं. पद्मभूषण मिळालं ते १९६४ साली, मृत्यूच्या तीन वर्षं आधी. मग पुण्यात त्यांच्या नावाचं रंगमंदिर झालं आणि तिथल्या तारखांवरून आजतागायत भांडणं चालू आहेत.

दुसरं उदाहरण आणखी जवळचं. दीनानाथांनी १९१८ मध्ये बळवंत संगीत मंडळी काढली. आवाज असा की तान सुरू झाली की पुढे कुठे जाणार हे त्यांनाही आधी ठाऊक नसावं. ज्योतिषावर गाढा विश्वास. स्वतः पत्रिका मांडत. बोलपट आल्यावर नाटककंपन्या एकेक करून आडव्या पडल्या, तशी यांचीही पडली. सिनेमात हात घातला, तो भाजला. आणि २४ एप्रिल १९४२ ला, वयाच्या एकेचाळिसाव्या वर्षी, पुण्यात गेले. मागे पत्नी आणि पाच मुलं. थोरल्या मुलीने तेराव्या वर्षी तोंडाला रंग लावला आणि घर ओढलं. ती पुढे लता मंगेशकर झाली म्हणून त्या प्रसंगाला आपण गोड हुंदका देऊन मोकळे होतो. ती लता मंगेशकर झाली नसती तर?

ज्याच्या गळ्यात दीनानाथ बसलेले होते त्याने दीनानाथांचा शेवट पाहिला, आणि एक तारखेला पगार देणाऱ्या खात्यात बस्तान बसवलं. याला भित्रेपणा म्हणायचं असेल तर म्हणा. माझ्या मते विक्षिप्त माणसाने आयुष्यात घेतलेला हा एकच शहाणा निर्णय होता, आणि बाकीचे सगळे विक्षिप्त निर्णय घ्यायची मोकळीक त्यानेच दिली. ज्याला तांदूळ आणायला गावं लागत नाही, तोच मारवा गाऊ शकतो. तांदळासाठी गाणाऱ्याला लोकांना आवडेल तेच गावं लागतं.

आपल्याकडे गाणं टिकवलं ते दरबारांनी, हे शाळेत शिकवतात. कोल्हापूरला शाहू महाराजांनी अल्लादिया खाँना ठेवलं, बडोद्याच्या दरबारात अब्दुल करीम खाँ होते. संस्थानं विलीन झाली आणि राजाश्रय संपला, असा धडा तिथे संपतो. संपला कसा? तो पुढे सरकला. एक संस्थान शिल्लक होतं, त्याचं नाव मिलिटरी अकाउंट्स. या दरबारात शाल मिळत नव्हती, बिदागी मिळत नव्हती, महाराज डुलत नव्हते. पण पगार होता, महागाईभत्ता होता, आजारपणाची रजा होती. दरबारी गायकाला महाराजांची मर्जी सांभाळावी लागे. इथे फक्त सेक्शनच्या साहेबाची सांभाळायची, आणि साहेबाला गाणं कळत नसेल तर आणखीच बरं. तो चिजेची फर्माईश करत नाही.

अर्थात दरबार म्हटला की लहर आली. वसंतरावांची बदली एकदा थेट नेफात झाली, आजच्या अरुणाचलात. पुण्याच्या मैफली कुठे, पु. ल. देशपांड्यांची पेटी कुठे आणि ईशान्येचे डोंगर कुठे. जुन्या काळी महाराज रागावले तर गवयाला हद्दपार करत. भारत सरकारने तेच केलं, फक्त प्रवासभत्ता देऊन.

युरोपातल्या लोकांनी हे नीट मांडून केलं. स्वीडनमध्ये सरकारची एक योजना होती. निवडक, दीडशेच्या आसपास कलावंतांना आयुष्यभर किमान उत्पन्नाची हमी. म्हातारा गाणारा, विचित्र नट, कुणालाही न कळणारं लिहिणारा कवी, जो कोण असेल तो. तुझी कमाई अमुक रकमेच्या खाली गेली तर उरलेलं सरकार भरेल, तू आपला वेडेपणा चालू ठेव. २०१० पासून नवे लोक घेणं थांबवलं, म्हणजे शहाणपण तिथेही पोचलं. आपल्या पिंपरी-चिंचवडचं आणि स्वीडनचं नातं तसं साठ वर्षांचं. चिंचवडची एसकेएफ तिथली, दापोडीकडची सँडविक आणि अल्फा लावल तिथल्या. या पट्ट्यातल्या किती घरांचे हप्ते स्वीडिश बेअरिंगांवर फिरले ते त्या घरांनाच विचारा. कंपन्या आल्या, यंत्रं आली, आयएसओची प्रमाणपत्रं आली. कलावंताला पोसायची योजना तेवढी कस्टममध्ये अडकली.

आता विक्षिप्तपणाकडे येऊ. वसंतराव विक्षिप्त म्हणजे रस्त्यात कपडे फाडणारे नव्हेत. त्यांचा विक्षिप्तपणा गाण्यात होता, आणि गाण्याच्या जगात तो कपडे फाडण्यापेक्षा गंभीर गुन्हा आहे. तान डाव्या बाजूला चालली म्हणून तुम्ही डावीकडे मान वळवावी, तर ती पाठीमागून येऊन उजव्या खांद्यावर थाप मारणार. मधेच ठुमरीचा रंग, मधेच लावणीचा ठसका, मधेच सरळ एखाद्या बुजुर्गाची हुबेहूब नक्कल. तबल्यावरही हात चालणारा माणूस, त्यामुळे लयीशी खेळ असा की तबलजीने समेवर पोचल्यावर घाम पुसावा. काल ऐकलेला राग आज तसाच ऐकायला मिळेल याची हमी नाही. जाणकारांनी विचारलं, घराणं कुठलं? उत्तराचा आशय असा, की घराणं माझ्यापासून सुरू होतं.

हे उत्तर आज टी-शर्टवर छापून खपतं. तेव्हा तसं नव्हतं. घराणं म्हणजे नुसती गायकी नव्हे, ते आधार कार्ड होतं. कॉन्फरन्समध्ये कोणत्या दिवशी, कोणाच्या आधी बसवायचं, समीक्षकाने कोणतं विशेषण काढायचं, सगळं त्यावरून ठरायचं. ज्याने सप्रे, असद अली, सुरेशबाबू, अमान अली अशी चार दारं ठोठावली आणि पाचवं न ठोठावताच आत शिरला, त्याचा अर्ज कोणत्या फायलीत लावायचा?

वंशाच्या शुद्धतेबद्दल ज्यांना खरोखर आस्था आहे त्यांच्यासाठी आमच्या ताथवड्यात उत्तम सोय आहे. इथे पशुसंवर्धन खात्याचं वळूमाता प्रक्षेत्र आहे. वळूमाता म्हणजे ज्या गाईच्या पोटी पुढचे वळू निपजायचे ती निवडक गाय. तिची आई कोण, बाप कोण, एका वेतात दूध किती, सगळं नोंदवहीत. घराण्याची चर्चा ऐकायला लागलं की मला सारखी ती नोंदवही आठवते. फरक एवढाच की पशुसंवर्धन खातं शेवटी दूध मोजतं.

समजा, वसंतराव आज ताथवड्यात राहायला आले. दहाव्या मजल्यावर टू बीएचके, खाली क्लब हाउस, शेजारी हायवे. सकाळी पाचला खर्ज लावायचा तर वॉचमन आधी वर येणार, मग सोसायटीच्या ग्रुपवर ‘कुणाच्या घरी कुणाला बरं नाही का?’ अशी काळजी. हायवेवर रात्रभर ट्रेलर घोंघावतात त्याबद्दल ग्रुप गप्प असतो, कारण ट्रेलर मेन्टेनन्स देत नाहीत आणि ट्रेलरला नोटीस काढता येत नाही. संध्याकाळी मारवा सुरू केला तर वरच्या मजल्यावरच्या काकू येणार. ‘अहो भाऊजी, तुम्ही इतकं छान गाता, मग गणपतीत ट्रॅकवर का नाही गात? आमच्या ह्यांच्याकडे सगळे ट्रॅक आहेत.’

ट्रॅक! क्लब हाउसमध्ये दर शनिवारी कराओकेची रांग असते. गाणाऱ्या दहांपैकी नऊ आयटीत, एक चाकणला गाड्यांच्या कंपनीत. मला त्यांची चेष्टा करायची नाही. आठवडाभर दुसऱ्याच्या तालावर काम करून शनिवारी दोन कडवी म्हणायला माणूस उभा राहतो, त्याला हसणारा मी कोण? पण ट्रॅकची गंमत पाहा. त्यात सम ठरलेली, मात्रा ठरलेल्या, बासरीचा तुकडा ठरलेल्या सेकंदाला येणार म्हणजे येणार. तुम्ही मधे अडकलात तर ट्रॅक थांबत नाही, पुढे निघून जातो, सकाळच्या कंपनीच्या बससारखा. वसंतरावांना ट्रॅक लावून दिला असता तर दुसऱ्या ओळीला ट्रॅकने राजीनामा दिला असता.

आणि मैफल करायची तर दहाच्या आत. ध्वनिप्रदूषणाचे २००० सालचे नियम आहेत, दहानंतर लाउडस्पीकर बंद. नियम चांगलाच आहे. डीजेच्या भिंतीपुढे ज्याच्या घराच्या काचा हलल्या आहेत तो त्याला दुवाच देईल. मात्र भिंतीला दहाच्या पुढे मुभा मिळवून देणारे दादा प्रत्येक वॉर्डात आहेत, आणि मालकंसाला मुभा मिळवून देणारा दादा अजून जन्मायचा आहे. रात्रीचे राग आपल्या शहरात कायद्याने झोपले आहेत.

नाट्यगृहांबद्दल तक्रार करायची सोय नाही, कारण पिंपरी-चिंचवडला नाट्यगृहं भरपूर. चिंचवडला रामकृष्ण मोरे, संत तुकारामनगरला आचार्य अत्रे, भोसरीला अंकुशराव लांडगे, पिंपळे गुरवला निळू फुले, प्राधिकरणात ग. दि. माडगूळकर. जानेवारी २०२४ मध्ये शंभरावं नाट्यसंमेलन भरलं तेही याच शहरात, जब्बार पटेल अध्यक्ष. शंभरावं म्हटल्यावर मंडप केवढा, कमानी केवढ्या, कमानींवर नेत्यांचे चेहरे केवढे! नटांचे फोटो शोधायला लागत होते. इमारती आहेत, महोत्सव आहेत, उद्घाटनं तर आहेतच. या सगळ्यात बसेल असा ठराविक मापाचा कलावंत तेवढा हवा. तिरका नको.

सत्तेचाळिसाव्या वर्षी वसंतरावांना जे मिळालं ते मात्र कोणत्याही करिअर गाइडन्सच्या पुस्तकात बसत नाही. नागपूरचेच पुरुषोत्तम दारव्हेकर, त्यांनी नाटक लिहिलं, ‘कट्यार काळजात घुसली’. संगीत जितेंद्र अभिषेकींचं. नाटक उभं करणारी संस्था प्रभाकर पणशीकरांची नाट्यसंपदा. पहिला प्रयोग २४ डिसेंबर १९६७. तोवर संगीत नाटक म्हणजे वडिलांच्या आठवणीत राहिलेली गोष्ट, असं लोक धरून चालले होते. त्यात खाँसाहेब आफताब हुसेन बरेलीवाले ही भूमिका कुणाला द्यावी? हिशेबखात्यातून सुटून आलेल्या, पंधराव्या वर्षी कृष्ण झालेल्या आणि नंतर पगारपत्रकात हरवलेल्या माणसाला.

आता त्या भूमिकेतली थट्टा बघा. खाँसाहेब कोण? आपल्या घराण्याची विद्या बाहेर जाऊ नये म्हणून डोळ्यांत तेल घालून बसलेला राजगायक. पंडित भानुशंकरांना हटवून गादीवर आला, हातात कट्यार आली, एक खून माफ. आणि सदाशिव कोण? पंडितजींचा शागीर्द, दारं बंद असली तरी कानांनी चोरून विद्या उचलणारा पोरगा. वसंतरावांचं आयुष्य कुणाचं होतं? अक्षर न अक्षर सदाशिवाचं. चार उस्ताद, एक दुरून पाहिलेला दीनानाथ, जे मिळेल ते कानात. ज्याला आयुष्यभर घराण्याच्या दारावरच्या दरवानांनी ‘कुणाचे तुम्ही?’ विचारलं, तो आता रोज रात्री जरीची टोपी घालून त्याच दारावर दरवान म्हणून उभा राहिला. आणि असा उभा राहिला की प्रेक्षकांना चोर सदाशिवापेक्षा राखणदाराचाच लळा लागला. खलनायक म्हणून रेखाटलेल्या माणसाला माणूस करून सोडलं. घराण्याचा अहंकार किती केविलवाणा असतो हे घराणं नसलेल्या माणसाशिवाय दुसऱ्या कुणाला इतकं नेमकं दाखवता आलं असतं?

चार घरचं पाणी प्यायलेला गळा तिथे एकदम उपयोगी पडला. खाँसाहेबांची गायकी चमत्कारांची, चपळ, दिपवणारी. पंडितजींची शांत, आळवणारी. दोन्ही बाजू ज्याने आतून पाहिल्या आहेत तोच त्यातली एक बाजू इतक्या ईर्ष्येने लढवू शकतो. शिवाय हिशेबखात्यात चोवीस वर्षं दुसऱ्यांच्या चुका शोधल्यावर संशयी खाँसाहेबांची नजर आपोआप आली असणार, असा माझा एक खाजगी तर्क. तो कुठल्याही समीक्षकाने मान्य करू नये.

कोटवाल्या वक्त्याचं गणित इथे चुकतं. त्याच्या हिशेबात चोवीस वर्षं वाया गेली आणि मग खरं आयुष्य सुरू झालं. अहो, ती वर्षं मैफलींची होती, शिकण्याची होती, पुलंच्या पेटीबरोबर रात्री जागवण्याची होती. नोकरी सोडली तेव्हा गाठीला गाणं तयार होतं, ओळखणारे मित्र होते आणि डोक्यावर कंपनीचं कर्ज नव्हतं. विसाव्या वर्षी लाथ मारली असती तर नाटककंपन्या कोसळण्याच्या त्या काळात लाथ हवेतच गेली असती. आणि वक्त्याने हेही सांगावं की आज विसाव्या वर्षी लाथ मारायची तर कशाला? ताथवड्यातल्या मुलाच्या नावावर एज्युकेशन लोन आहे. लाथ मारायला आधी नोकरी लागते, आणि ती लागायला कॅम्पसमध्ये यावी लागणारी कंपनी यंदा झूमवर आली आणि झूमवरूनच गेली.

‘कट्यार’चं पुढचं सगळ्यांना माहीत आहे. दणकून प्रयोग, रेकॉर्डी, मग १९७९ च्या ‘अष्टविनायक’मध्ये पडद्यावरही दिसले. १९८२ मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार. ३० जुलै १९८३ ला गेले. त्रेसष्टाव्या वर्षी. मुंज लागून गेल्यावर बँडवाला यावा तशी आपली मान्यता आली. २०१५ मध्ये ‘कट्यार’चा सिनेमा झाला, त्यात खाँसाहेब सचिन पिळगावकर. मल्टिप्लेक्समध्ये पॉपकॉर्न खात लोकांनी डोळे पुसले. मग २०२२ चा ‘मी वसंतराव’, त्यात नातू राहुल देशपांडे आजोबा झाला आणि गाण्याचं राष्ट्रीय पारितोषिक घेऊन गेला. म्हणजे घराणं माझ्यापासून सुरू होतं ही गोष्ट शेवटी खरीच निघाली, पुराव्यानिशी.

नागपुरात सिव्हिल लाइन्सला सरकारने त्यांच्या नावाचं मोठं सभागृह बांधलं आहे. कारकुनाच्या नावाने सरकारी सभागृह, हे आपल्या देशात क्वचित घडतं. एरवी कारकून सभागृहाच्या भाड्याची पावती फाडतो. नाव दिलं ते अर्थात गायकाला. चोवीस वर्षांचा पगार ज्याने दिला त्या खात्याचा त्या इमारतीवर उल्लेख असायला हवा होता, ‘यांच्या सौजन्याने’ म्हणून. टूथपेस्टवाल्यांचा असतो.

नोकरी नसलेल्या कलावंतांसाठी महाराष्ट्र सरकारची मानधन योजना आहे, तिला आता राजर्षी शाहू महाराजांचं नाव आहे. २०२४ पासून दरमहा पाच हजार रुपये. वाकडला वन बीएचकेचं भाडं जितकं, त्याच्या साधारण चौथ्या हिश्श्यात कला जगवायची. अट अशी की कलावंताचं वय पन्नासच्या वर हवं. १९६७ च्या त्या डिसेंबरात, नोकरी सुटलेली, पहिला प्रयोग तोंडावर आलेला, अशा अवस्थेत वसंतराव या खिडकीशी आले असते तर आतल्या बाबूने जन्मतारीख बोटाने मोजली असती आणि अर्ज परत सरकवला असता. ‘सत्तेचाळीसच भरतायत, खाँसाहेब. तीन वर्षांनी या. आणि येताना तहसीलदारांचा उत्पन्नाचा दाखला आणा, झेरॉक्स नको.’